जानेवारीत लॉन लावू नका, सावली मोजा

वाचकाचं पत्र : ताई, वाघोलीत आम्ही नुकतंच रो-हाउस घेतलंय. घर दक्षिणमुखी आहे, त्यामुळे मागची मोकळी जागा उत्तरेला येते. वीस फूट रुंद, तीस फूट खोल. बिल्डरनं मुरूम टाकून सपाट करून दिलीय. फेब्रुवारीच्या शेवटी वास्तुशांत आहे. नर्सरीवाले म्हणतात, “आत्ताच लॉन लावून घ्या, थंडीत पाणी कमी लागतं, कार्यक्रमापर्यंत सगळं हिरवंगार होईल.” सासरे म्हणतात, मृग लागल्याशिवाय हात लावायचा नाही. आमच्या ह्यांनी बरेच व्हिडिओ बघितलेत, त्यात सगळे सप्टेंबरात बी पेरतात. मी कुणाचं ऐकू? आणि एक सांगायचं राहिलं, एप्रिल-मेमध्ये आमच्या सोसायटीत टँकर येतो.
— एक वाचक, वाघोली

उत्तर :

ताई, सासऱ्यांचं ऐका. मृगाच्या बाबतीत मी त्यांच्याही दोन पावलं पुढे जाऊन थोडं थांबायला सांगणार आहे, पण मूळ मुद्दा त्यांचाच बरोबर आहे. आणि पत्राच्या शेवटी तुम्ही सहज म्हणून जी टँकरची ओळ लिहिलीत, तीच या सगळ्यातली सर्वांत महत्त्वाची आहे. तिच्याकडे नंतर येते.

आधी नर्सरीवाल्यांचं. थंडीत लॉनला पाणी कमी लागतं हे ते खोटं सांगत नाहीत. कमी लागतं, कारण त्या दिवसांत गवताची वाढ मंदावलेली असते. पुण्यात लॉन म्हणून लावली जाणारी बहुतेक गवतं उष्ण हवेतली. आपली हरळी (म्हणजे दूर्वाच) म्हणा, तिचीच निवडलेली जात असलेलं सिलेक्शन वन म्हणा, नाहीतर नर्सरीत ‘मेक्सिकन’ म्हणून मिळणारं मऊ, दाट गवत म्हणा. यांची जोमदार वाढ होते ती हवा सत्तावीस ते पस्तीस अंशांत असताना. डिसेंबर-जानेवारीत पुण्याची रात्र दहा-बारा अंशांवर उतरते, कधी त्याच्याही खाली जाते. जमीन गार पडली की मुळांचं काम मंदावतं. जुनं, रुळलेलं लॉन या काळात पिवळसर होऊन बसतं आणि उन्हं तापली की सावरतं. नव्या लॉनला सावरायला खाली मुळंच नसतात.

मग त्यांनी दाखवलेलं हिरवंगार कुठून येतं? लादी, म्हणजे मातीसकट कापून आणलेला तयार गवताचा तुकडा, नर्सरीतून येते तेव्हाच हिरवी असते. रोजचं पाणी मिळालं की काही आठवडे तो रंग टिकतो. वास्तुशांतीला पाहुणे कौतुक करतील, फोटोही छान येतील. मार्चच्या मध्यावर एखाद्या लादीचा कोपरा धरून उचलून पाहिलात, तर ती पायपुसण्यासारखी अलगद वर येईल, कारण खालच्या मातीत तिची मुळं फारशी गेलेली नसतील. त्यानंतर एप्रिल येतो, टँकर येतो, आणि ज्या लॉनला स्वतः खोलवरून पाणी ओढता येत नाही त्याला तुम्ही रोज संध्याकाळी पाइप धरून जगवत बसता. एका कार्यक्रमासाठी ही किंमत फार आहे. वास्तुशांतीला अंगण झाडून, सडा घालून, मोठी रांगोळी काढा. मोकळ्या, टणक जमिनीवर मांडव नीट उभा राहतो आणि पंगतही नीट बसते.

तुमच्या मिस्टरांनी पाहिलेले व्हिडिओ चुकीचे नाहीत, ते थंड देशांतले आहेत. युरोपात आणि अमेरिकेच्या उत्तर भागात राय, फेस्क्यू अशी थंडीत वाढणारी गवतं लावतात. त्यांना सप्टेंबरातली गार हवा मानवते आणि तिथला उन्हाळा संपलेला असतो. आपल्याकडे ती गवतं मार्च-एप्रिलात करपून जातील. तेव्हा बियांची पाकिटं ऑनलाइन मागवायची असतील तर आधी पाकिटावरचं गवताचं नाव वाचायला सांगा. सप्टेंबर आपल्याकडेही अगदी बाद नाही, पण त्याचं कारण वेगळं आहे आणि तो दुसरा पर्याय आहे, पहिला नाही.

आता सासऱ्यांचा मृग. मृग नक्षत्र 7-8 जूनला लागतं आणि पुण्यात पाऊस साधारण जूनच्या दुसऱ्या आठवड्यात पोचतो, म्हणजे हिशेब जुळतो. पण जूनचा पाऊस पुणेकरांना चांगला ठाऊक आहे. दोन दिवस धो धो पडतो, पेपरात ‘मान्सून दाखल’ छापून येतं, आणि मग आठ-दहा दिवस कोरडं ऊन. त्या पहिल्या दोन दिवसांत लावलेल्या काड्या (गवताच्या दांड्यांचे तुकडे) पुढच्या आठ दिवसांत वाळतात. त्यातही तुम्ही शहराच्या पूर्वेला. बावधन, भूगाव, मुळशीकडे ढग जेवढे रिकामे होतात तेवढे वाघोलीपर्यंत येईस्तोवर उरत नाहीत. म्हणून तुमच्यासाठी मी आर्द्रा धरीन, म्हणजे 21-22 जूनपासून पुढे, आणि जुलैच्या मध्यापर्यंत. तारखेपेक्षा माती बघा. पाऊस उघडल्यावर खुरप्यानं वीतभर खोल उकरा आणि तळाची मूठभर माती दाबा. गोळा झाला आणि बोटानं टिचकी मारल्यावर फुटला, तर तो दिवस लावणीचा. गोळाच होत नसेल तर ओल अजून खाली गेलेली नाही. माती बोटांना चिकटून राहिली तर थांबा, अशा चिखलात पाय पडले की जमीन घट्ट बसते आणि पुढे मुळांना आत शिरायला वाट मिळत नाही.

या वेळेला लावलेल्या गवताला ऊब मिळते, ओल मिळते, ढगाळ हवेत काड्या माना टाकत नाहीत. आणि सर्वांत मोठी गोष्ट म्हणजे थंडी येण्याआधी सलग चार महिने मिळतात. त्या चार महिन्यांत मुळं जेवढी खाली जातील, तेवढ्यावर पुढच्या मेमध्ये तुमचं लॉन जगणार आहे.

मग आत्ता जानेवारीत हातावर हात ठेवून बसायचं का? मुळीच नाही. तुमच्या जागेसाठी जानेवारीत करायचं एक काम आहे, आणि ते जूनमध्ये करता येणार नाही. तुमची जागा घराच्या उत्तरेला आहे. मेच्या मध्यापासून जुलैच्या अखेरीपर्यंत पुण्यात भर दुपारी सूर्य डोक्याच्या किंचित उत्तरेला असतो. या काळाच्या दोन्ही टोकांना, सूर्य दुपारी अगदी डोक्यावर येतो तेव्हा, पुण्यात शून्य सावलीचा दिवस येतो, तो तुम्ही ऐकला असेल. त्या दिवसांत तुमचं मागचं अंगण भिंतीपर्यंत उन्हात न्हाऊन निघेल, आणि जूनमध्ये जागा बघणारा कुणीही म्हणेल की इथं ऊन भरपूर आहे. पण आत्ता सूर्य दक्षिणेला कललेला आहे. दोन मजली घराची उंची तेवीस फूट धरली, तर या दिवसांत दुपारीसुद्धा त्याची सावली मागे एकोणीस-वीस फूट जाते. तीस फुटांतले वीस फूट!

उद्याच रांगोळीचा डबा घेऊन मागे जा. सकाळी नऊला, दुपारी पाऊण वाजता (या दिवसांत पुण्यात सूर्य सर्वांत उंच असतो तो बाराला नाही, पाऊणच्या सुमारास) आणि तीनला सावलीची कड जिथे पडते तिथे रेघ ओढा. कंपाउंडची भिंत, शेजाऱ्यांचं घर, पलीकडचा आंबा, या सगळ्यांच्या सावल्या त्यात येऊ द्या. फोनवर फोटो काढून ठेवा. मार्चच्या तिसऱ्या आठवड्यात तीच मोजणी परत करा. तोवर घराची दुपारची सावली साडेसात-आठ फुटांवर आलेली असेल. हरळी आणि सिलेक्शन वन यांना दिवसाचं सहा तास तरी सरळ ऊन हवं. मेक्सिकन थोडी सावली सोसतं, पण तेही गर्द सावलीत विरळ होऊन शेवटी शेवाळ धरतं.

माझा अंदाज असा की रेघा ओढल्यावर तुमच्या लक्षात येईल, घरालगतचे पंधरा फूट लॉनसाठी नाहीतच. तिथे शहाबादी फरशी घाला, चार खुर्च्या मांडा, कुंड्यांत नेचे, मनी प्लांट, सावलीत रमणारं काहीही लावा. लॉन त्याच्या पलीकडे, वीस बाय पंधरा, म्हणजे तीनशे चौरस फूट.

हा आकडा मी फक्त सावलीवरून काढलेला नाही. टँकरवरूनही तोच येतो. एप्रिल-मेच्या उन्हात पुण्यातलं लॉन हिरवं ठेवायचं तर दिवसाला साधारण पाच मिलिमीटर पाणी लागतं. एक चौरस मीटरवर एक मिलिमीटर म्हणजे एक लिटर. सहाशे चौरस फूट म्हणजे सुमारे छप्पन्न चौरस मीटर, त्याला रोज 280 लिटर. शहरात पाणीपुरवठ्याची आखणी करताना माणशी दिवसाला 135 लिटर धरतात. म्हणजे घरात आणखी दोन माणसं राहायला आली, आणि तीही टँकरच्या दिवसांत. तीनशे चौरस फुटांना हाच हिशेब 140 लिटरवर येतो. मुळं खोल गेलेली असली तर एक दिवसाआड देऊन, थोडं पिवळं पडू देऊन, त्याच्या निम्म्यातही भागतं. हरळी मेमध्ये वाळल्यासारखी दिसली तरी खाली जिवंत असते, पहिल्या पावसात चार दिवसांत फुटते. म्हणून लॉन लावायचा महिना पावसाळ्यातला असला, तरी ते केवढं लावायचं हे मेमधल्या टाकीकडे बघून ठरवा. जुलैत सगळ्यांनाच वाटतं की अंगणभर लावावं. कपडे धुतलेल्या मशिनचं पाणी त्यावर सोडायचा विचार असेल तर साबणाचं पहिलं पाणी नको, शेवटच्या खळबळीचं चालेल, आणि तेही रोज एकाच जागी नको.

वास्तुशांत झाली की मार्चमध्ये खोदाई. ती टाळू नका आणि मुरमावर चार इंच लाल माती पसरून देणाऱ्या माणसाला काम देऊ नका. वाघोली दगडखाणींची, खाली कातळ जवळ. वर बिल्डरनं भरलेल्या मुरमात विटांचे तुकडे, सिमेंटचे ढेकळ, तारा, कधी प्लॅस्टरचा अख्खा ढीग निघतो. एक हात खोल खड्डा घेऊन त्यात दोन बादल्या पाणी ओता. सकाळी ओतलेलं पाणी संध्याकाळपर्यंत तसंच उभं असेल तर पावसाळ्यात तुमचं लॉन तळ्यात असणार, तेव्हा खालचा थर पहारीनं फोडून घ्यावाच लागेल. नऊ इंच खणा, राडारोडा बाहेर काढा आणि वर सहा इंच चांगली माती भरा. तीनशे चौरस फुटांना सहा इंच म्हणजे दीड ब्रास (एक ब्रास म्हणजे शंभर घनफूट). त्यात एक चतुर्थांश कुजलेलं शेणखत किंवा कंपोस्ट, आणि माती काळी चिकण असेल तर जाडसर वाळू. उतार घरापासून बाहेर, दहा फुटांना दीड-दोन इंच.

शेणखताबद्दल जरा थांबून सांगते, कारण इथेच घोळ होतो. खत हातात घेतल्यावर शेणाचा वास येता कामा नये, ओल्या मातीचा यावा, आणि ते भुसभुशीत असावं. अर्धवट कुजलेल्या खतातून हुमणीच्या अळ्या येतात. पांढरट, जाड, इंग्रजी ‘सी’सारखी वळलेली अळी, डोकं तपकिरी. ती जुलै-ऑगस्टात मुळं खाते आणि तुम्हाला फक्त वर पिवळे चट्टे दिसतात. खत चाळणीतून चाळून घ्या, अळ्या हाती लागतील.

आणि आता लव्हाळा. पुण्यातल्या लॉनचा खरा वैरी हा. गाजरगवत दिसायला भयंकर (आपल्या देशात त्याची ठळक नोंद 1955-56 च्या सुमारास झाली तीही पुण्यातच), पण ते उपटलं की जातं. लव्हाळा उपटून जात नाही. गवतातून एखादं पातं जास्त पोपटी, जास्त चकचकीत आणि दोन दिवसांत इतरांच्या वर गेलेलं दिसलं, तर त्याची दांडी बुडाशी दोन बोटांत धरून फिरवा. गवताची दांडी गोल किंवा चपटी लागते, लव्हाळ्याची तिकोनी. आता ती ओढा. ती वर येईल, पण खाली कुठेतरी बारीक ‘टक्’ होईल आणि तुमच्या हातात नुसती पानं राहतील. पाच-सहा इंच खाली चण्याएवढी, काळपट, खरखरीत गाठ तशीच असते आणि तिच्यापासून निघालेल्या दोऱ्याच्या टोकाला दुसरी, तिच्यापुढे तिसरी. एक उपटली की बाकीच्या फुटतात. लॉन लावून झाल्यावर त्याचा बंदोबस्त करणं जिकिरीचं आहे, म्हणून तो आधीच व्हायला हवा. आणि त्यासाठी आपल्याकडे जगातलं उत्तम साधन फुकट आहे, ते म्हणजे एप्रिल-मेचं ऊन. शेतकरी उन्हाळी नांगरट करून रान तापू देतो ते याचसाठी. खोदलेली माती ढेकळांसकट उघडी टाका, पाणी अजिबात नको, आठ-दहा दिवसांनी खालवर करा. वर आलेल्या गाठी वाळून मरतात. दिसतील तेवढ्या वेचून काढा, घरातल्या मुलांना हे काम आवडतं.

मेमध्ये एक-दोन वळीव पडतील. तेव्हा माती सारखी केलेली असावी. वळवानं दोन गोष्टी होतात. भरलेली माती खाली बसते आणि कुठे खड्डा पडतोय ते लावणीआधीच कळतं. आणि मातीत लपलेलं तण उगवून वर येतं. ते चार पानांवर असतानाच खुरप्यानं काढून टाका. वळीव झाला नाही तर एकदा पाणी देऊन मुद्दाम उगवू द्या आणि काढा. लोकांना घाई असते ती इथे, म्हणून हे आवर्जून सांगते. हे दहा-बारा दिवस वाचवले तर पुढची दोन वर्षं खुरपणीत जातात.

गवत कुठलं, याचं माझं मत सरळ आहे. घरात मुलं आहेत, ऊन आहे, पाणी बेताचं आहे, तर सिलेक्शन वन. मेक्सिकन दिसायला देखणं, पण हळू भरतं, आणि वेळेवर कापलं नाही तर त्याचे उंचवटे होतात. पाऊस हाताशी असताना लाद्या घेण्याची गरज नाही. काड्या आणा, त्यांचे दोन-तीन पेरांचे तुकडे करा, चार-पाच इंचांवर रोवा, निदान एक पेर मातीत आणि शेंडा वर. सिलेक्शन वन दीड-दोन महिन्यांत जमीन झाकतं, म्हणजे गणपतीपर्यंत खाली माती फारशी दिसणार नाही. खर्चही लाद्यांच्या मानानं बराच कमी. गवत दोन-अडीच इंच झालं की पहिली कापणी, वरचा एक तृतीयांशच, आणि जमीन पायाखाली दबणार नाही इतकी कोरडी असताना. सासूबाईंना पूजेला दूर्वा हव्या असतील तर एक कोपरा कापायचा सोडा. रोज कापलेल्या गवतातून जुडीला पुरतील अशा लांब दूर्वा मिळत नाहीत.

समजा काही कारणानं जुलैचा मध्य उलटला. ऑगस्टात रेटू नका, जमीन पाण्यानं भरलेली असते. सरळ उत्तरा नक्षत्राची वाट बघा, 13 सप्टेंबरच्या सुमारास. तेव्हा मात्र काड्या नकोत, लाद्याच घ्या. पाऊस ओसरलेला असतो, ऑक्टोबरची ऊब पुढे असते आणि थंडीआधी मुळांना सहा-आठ आठवडे मिळतात. काड्यांना एवढ्यात जमीन झाकता येत नाही, मोकळ्या राहिलेल्या जागेत तण शिरतं. फेब्रुवारी-मार्चमध्येही हवेच्या दृष्टीनं लॉन लागतं, पण ज्यांच्याकडे स्वतःची भरपूर पाण्याची विहीर आहे त्यांच्यासाठी. तुमच्यासाठी नाही.

नर्सरीवाल्यांना नाही म्हणून तोडू नका. “जूनच्या अखेरीस लागेल, तेव्हा द्या” म्हणून सांगून ठेवा, आता पैसे देऊ नका. तुम्हाला सोलापूर रस्ता फार लांब नाही. मेमध्ये एखाद्या रविवारी सकाळी मांजरी, लोणी काळभोर, उरुळी कांचनच्या बाजूला फेरी मारा. तिथे एकाला एक लागून नर्सऱ्या आहेत आणि तुम्हाला गवत जमिनीत लावलेलं बघायला मिळेल. मेच्या उन्हात ज्याचं लॉन बरं दिसतंय त्याच्याकडून घ्या. आणि माल घरी आला की टेम्पोतून उतरवायच्या आधी दोन-तीन ठिकाणचा उलटा करून, माती झटकून बघा. काळपट गाठ किंवा तिकोनी दांडी दिसली, तर टेम्पो तसाच परत पाठवा.